पुलाआधी बोलायचं नाही

'विंटर टाइमटेबल' या बँडमध्ये कायदे असे फारसे नव्हतेच. कुणी कितीही उशिरा यावं, कुणी कुणाचंही सँडविच खावं, स्वतःचा सूर चुकला की दुसऱ्याकडे रागाने बघावं, सगळं खपून जायचं. एक कायदा मात्र एकतीस वर्षांत कुणी मोडला नव्हता. कार्यक्रम आटोपून गाडी घराकडे निघाली की फोर्थ खाडीवरचा पूल ओलांडेपर्यंत बँडबद्दल चकार शब्द काढायचा नाही. हवापाणी, फुटबॉल, गुडघेदुखी, मेव्हणीचा घटस्फोट, हवं ते बोला. बँड नाही.

कायदा ड्रूने केला होता, त्र्याण्णव साली. लीड्सहून परतताना लॉर्न आणि स्ट्रुआनची एका गाण्याच्या शेवटावरून अशी जुंपली की लॉर्न गिटार पाठीला लावून गाडीतून उतरला आणि भर पावसात चार मैल चालला. बाकीचे त्याच्या बाजूने गाडी रखडवत, काच खाली करून त्याची मनधरणी करत होते. दुसऱ्या दिवशी ड्रू म्हणाला, "पूल ओलांडला की वीस मिनिटांत घर. तेवढ्या वेळात कुणी कुणाचा गळा दाबत नाही." त्याचं म्हणणं खरंच होतं. फक्त एक गोष्ट त्याच्या लक्षात आली नाही. पूल येईपर्यंत निम्मे लोक घोरत असायचे, आणि जागे असायचे त्यांना घरचं सूप दिसायला लागलेलं असायचं. तेव्हा भांडणं मिटली ती मिटलीच, पण त्यांच्याबरोबर बाकीचं बोलणंही बंद झालं.

बँडचं नावही ड्रूनेच ठेवलं होतं. पहिल्या कार्यक्रमाच्या पत्रकावर काहीतरी छापायला हवं होतं, आणि त्यांच्या गावच्या, बर्न्टायलंडच्या स्टेशनात समोरच हिवाळी वेळापत्रकाचा कागद चिकटवलेला होता. ड्रू बँडचा आवाज सांभाळायचा. मागच्या टेबलाशी बसून बटणं फिरवायचा आणि कार्यक्रम संपला की अंगठा वर करायचा किंवा डोकं खाजवायचा. त्यावरून काय ते कळायचं. तो ग्रीअरचा नवरा होता.

ग्रीअर बेस गिटार वाजवते. वय चौपन्न. आठवड्याचे पाच दिवस शाळेच्या स्वयंपाकघरात दीडशे पोरांचं जेवण रांधते, गुरुवारी संध्याकाळी स्काउटांच्या हॉलमध्ये तालीम, आणि शनिवार-रविवार ती गाडी. बोटांचे सांधे धरल्याला आता सहा वर्षं झाली. कार्यक्रमाआधी ती कोमट पाण्याच्या भांड्यात दहा मिनिटं हात बुडवून बसते आणि कुणी विचारलं तर सांगते, नेलपॉलिश निघत नाहीये. नेलपॉलिश तिने आयुष्यात लावलेलं नाही, आणि हे बँडमधल्या बाकी तिघांनाही ठाऊक आहे.

जूनमधला तो रविवार. कार्यक्रम ग्लासगोला, दुपारी तीन वाजता. हल्ली त्यांचे कार्यक्रम दुपारीच व्हायचे, कारण त्यांच्याबरोबर त्यांचे श्रोतेही पिकले होते आणि त्यांना नऊच्या आत अंथरूण गाठायचं असायचं. रंगमंचामागच्या खोलीत बिअरची पिंपं होती, एक घुरघुरणारा फ्रीज होता आणि आयोजकांनी मांडून ठेवलेली ताटली होती. एकेकाळी हे लोक बिअरच्या दोन पेट्या मागायचे. आता त्यांच्या मागणीपत्रात गाजराचे तुकडे, हमस नावाची चण्याची चटणी आणि पाठ टेकता येईल अशी एक खुर्ची असायची. खुर्ची इनिसने पकडली होती. इनिस ड्रम वाजवतो, गाडी चालवतो आणि आठवडाभर लोकांचे नळ दुरुस्त करतो, म्हणजे तिन्ही कामं कमरेचीच.

"सोमवारी सकाळी दहाला त्या बाईचा फोन येणार," लॉर्न म्हणाला. "हो म्हणायचं ना मग?"

दौऱ्याबद्दल चाललं होतं, आणि ती बाई म्हणजे दौरा ठरवणारी. ब्याण्णव सालची त्यांची पहिली तबकडी पुन्हा निघणार होती. तीच, जी एका आठवड्यासाठी खपाच्या यादीत एकसष्टाव्या क्रमांकावर चढली होती आणि इनिसच्या आईने सगळ्या गल्लीला केक वाटला होता. तिच्या निमित्ताने सप्टेंबरपासून अठ्ठावीस कार्यक्रम. सुरुवात समुद्रापार ब्रेमेनला, शेवट ॲबर्डीनला. बर्न्टायलंडच्या चार माणसांना इतकं मोठं आमंत्रण वीस वर्षांत आलं नव्हतं.

"म्हणायचं की," इनिस म्हणाला आणि खुर्चीत जरा सरकून बसला. "ग्रीअर, तुझं काय?"

"माझं काय असणार? सगळे म्हणाल तसं."

स्ट्रुआन कोपऱ्यात गिटारच्या तारा बदलत होता. त्याने मान वर केली, तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा खाली घातली. स्ट्रुआन गाणी लिहितो आणि गातो. सकाळी पाचला उठून टपाल वाटतो, बेकरीच्या वरच्या दोन खोल्यांत एकटा राहतो. लग्न त्याने केलं नाही. "एका घरात दोन रडणारी माणसं नकोत," असं तो म्हणायचा.

ग्रीअरला 'नाही' म्हणायचं होतं. आजचं नव्हे, फार वर्षांपासूनचं. तिला गुरुवारी संध्याकाळी घरी बसून काहीही न करता पाय वर घ्यायचे होते. एवढीच तिची महत्त्वाकांक्षा. पण ड्रू गेला त्यानंतरच्या पहिल्याच गुरुवारी हे तिघे गाडी घेऊन तिच्या दारात उभे राहिले होते. त्यांची उतरलेली तोंडं पाहून तिच्या मनात आलं, यांचा आवाज सांभाळणारा गेला, आता मीही नाही म्हटलं तर हे कुठे जातील. तिने कोट चढवला आणि गाडीत बसली. त्याला चौदा वर्षं झाली. भीड भिकेची बहीण म्हणतात. भीक काही लागली नाही, पण चौदा वर्षांचे गुरुवार गेले.

तेवढ्यात दार ढकलून पेट्री मास्तर आत आले. शेजारच्या कर्कॉडी गावच्या शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेला हा माणूस बँडचा पहिल्या दिवसापासूनचा श्रोता. पुन्हा निघणाऱ्या तबकडीसोबत बँडचा इतिहास छापायचा होता आणि तो मास्तरांनी वसंतभर एकेकाला गाठून, चहा पाजून, सगळं टिपून घेऊन लिहिला होता.

"ग्रीअर, तारखा तेवढ्या बघ," त्यांनी तिच्या मांडीवर कागद ठेवले. "वही तुझ्याकडे असते. बाकी सगळं बिनचूक आहे, चाळीस वर्षं मी दुसऱ्यांच्या चुका काढल्यात."

वही खरंच तिच्याकडे होती. प्रत्येक कार्यक्रमाची गाण्यांची यादी ती वहीत चिकटवायची, खाली तारीख आणि गाव. आता तशा सात वह्या झाल्या होत्या. ती वाचू लागली. स्टेशनातला कागद होता, लीड्सचा पाऊस होता, इनिसच्या आईचा केकही होता. मास्तरांनी काही म्हणता काही सोडलं नव्हतं. सातव्या प्रकरणाशी ती आली आणि तिथेच थांबली.

'दोन हजार दहाच्या मार्चमध्ये ड्रू गेला,' मास्तरांनी लिहिलं होतं. 'शवपेटी खाली सोडताना ज्या आठ जणांनी दोऱ्या धरल्या, त्यांत हे तिघे होते. नंतरच्या जेवणात, मांस भरलेल्या 'स्टेक पाय'च्या ताटांवरच त्यांचं ठरलं, की ग्रीअरला घरात एकटी बसू द्यायची नाही. तिला हवा तोवर बँड चालवायचा. इनिसची पाठ दोन वर्षांतच गेली, लॉर्नला डाव्या कानाने ऐकू येत नाही. दोघेही मला म्हणाले की ग्रीअरसाठी नसतं तर आम्ही केव्हाच थांबलो असतो. स्ट्रुआनला हेच विचारलं तर तो हसला आणि मला नवं गाणं ऐकवू लागला. एकमेकांसाठी असं झिजणारी माणसं आता विरळाच.'

ग्रीअरने परिच्छेद तीनदा वाचला. राग आला, मग लाज वाटली, आणि दोन्हींच्या खालून असं काहीतरी उसळलं की तिला भांड्यातल्या कोमट पाण्यात तोंड बुडवावंसं वाटलं.

"मास्तर, हे तुम्हाला कुणी सांगितलं?" तिने हलक्या आवाजात विचारलं.

मास्तरांनी चष्मा वर करून पाहिलं. "त्यांनीच की. का, चुकलंय काही? मला वाटलं तुला ठाऊक असणार. तीस वर्षं एका गाडीत बसता तुम्ही."

"तारखा बरोबर आहेत," ग्रीअर म्हणाली आणि कागदांची गुंडाळी करून कोटाच्या खिशात घातली.

कार्यक्रम झाला. दीडशे माणसं होती, त्यांतली शंभर टकली. पहिल्या रांगेतल्या एका बाईने दुसऱ्या गाण्यापासूनच परतीच्या गाडीची वेळ बघायला सुरुवात केली, पण गाणी मात्र तिला सगळी पाठ होती. दाराजवळच्या टेबलावर बँडचं नाव छापलेली भांडी पुसायची फडकी विकायला ठेवली होती. सदऱ्यांपेक्षा तीच जास्त खपायची. पाचव्या गाण्यापासून ग्रीअरची करंगळी ऐकेनाशी झाली. तिने उरलेल्या तीन बोटांवर भागवलं. आपल्याला कळतंय तेवढं कुणाला कळत नाही, असं तिला आजवर वाटत आलं होतं. आज तिने बाजूला पाहिलं. तिचा अवघड भाग आला की लॉर्न गिटारचा आवाज वाढवत होता. वर्षानुवर्षं तो तेच करत आला होता आणि ती त्याला मनातल्या मनात उद्धट म्हणत आली होती.

सहाला गाडी निघाली. इनिस चालवत होता, शेजारी लॉर्न, मागच्या बाकावर ग्रीअर आणि स्ट्रुआन, त्यामागे सामान. ऊन अजून चांगलं चढं होतं. वाटेत चिप्स घेतल्या. त्यावर सॉस घालायचा की व्हिनेगर, यावर ग्लासगोचे लोक कसे अडाणी आहेत ते लॉर्नने पंचविसाव्यांदा सांगितलं. इनिसने एका गिऱ्हाइकाच्या नळातून निघालेल्या कवळीची गोष्ट सांगितली. स्ट्रुआन गुडघ्यावर आजच्या गाण्यांची यादी पालथी ठेवून पेन्सिलीने काहीतरी खरडत होता. तो नेहमीच काहीतरी खरडायचा, त्यामुळे तिकडे कुणी लक्ष दिलं नाही.

ग्रीअरने खिशातल्या कागदांवर हात ठेवला होता. पुलानंतर बोलू, असं ती स्वतःला सांगत होती. मग तिला आठवलं की पुलानंतर बोलू असं ती चौदा वर्षं स्वतःला सांगत आली आहे. समोर वळणापलीकडे पुलाचे पांढरे मनोरे दिसू लागले. लॉर्नची मान छातीवर कलायला लागली होती.

"मला बोलायचंय," ती म्हणाली. "बँडबद्दल."

लॉर्नने मान उचलली.

"पूल यायचाय अजून," इनिस म्हणाला. "पाच मिनिटं थांब की बाई."

"नाही थांबत."

"कायदा आहे, ग्रीअर," लॉर्न म्हणाला.

"कायदा ड्रूचा होता. ड्रू माझा नवरा होता. मी मोडते."

तिने कागद काढले आणि सातवं प्रकरण मोठ्याने वाचलं, सुरुवातीपासून शेवटपर्यंत. 'स्टेक पाय' आलं तिथे तिचा आवाज फुटला, पण ती थांबली नाही. इनिसने दिवा लावून गाडी कडेच्या थांब्यावर घेतली आणि इंजिन बंद केलं. तो मागे वळला नाही. आरशातूनही त्याने तिच्याकडे पाहिलं नाही.

"मास्तराला मी म्हटलं होतं, हे छापू नका," तो म्हणाला.

"मीही म्हटलं होतं," लॉर्न म्हणाला.

"मला नकोय रे हे," ग्रीअर म्हणाली. "कधीच नको होतं. तो गेल्यावर मला घरी बसायचं होतं. तुम्ही दारात येऊन उभे राहिलात, हरवलेल्या मेंढरांसारखी तोंडं करून. मला वाटलं, मी नाही म्हटलं तर तुम्ही मोडून पडाल. म्हणून आले. दर गुरुवारी म्हणूनच आले."

बाजूने एक मोठा ट्रक गेला आणि गाडी हलली. मग लॉर्नचे खांदे हलू लागले. आधी वाटलं, रडतोय. तो हसत होता.

"म्हणजे चौदा वर्षं," तो डोळे पुसत म्हणाला, "आपण एकमेकांवर उपकार करत होतो? माझी नात मला विचारते, आजोबा, तुम्हाला कुणी जबरदस्तीने नेतं का? मी म्हणायचो, नाही गं, ग्रीअर आजीला बरं वाटतं."

"माझी पाठ," इनिस म्हणाला. "देवा, माझी पाठ. ब्रेमेनपर्यंत मी बसून गेलो असतो, पण परत झोपवूनच आणावं लागलं असतं मला." आणि तोही हसू लागला. हसता हसता त्याने स्टिअरिंगवर कपाळ टेकलं आणि तसाच राहिला.

मग तिघांनाही एकदम आठवण झाली आणि तिघांनी स्ट्रुआनकडे पाहिलं. तो पेन्सिल हातात धरून बसला होता. गुडघ्यावरचा कागद त्याने उलटा करून ठेवला होता.

"मी?" तो म्हणाला. "मी तर सगळ्यांच्या आधी दमलोय. पाचला उठणारा माणूस मी. घसा गेला, गुडघे गेले. कसंबसं ओढतोय झालं."

"मग बोलला का नाहीस, गाढवा?" ग्रीअरने विचारलं.

"पूल यायचा होता," स्ट्रुआन म्हणाला.

तेव्हा मात्र चौघंही हसले, पोट धरधरून, कितीतरी वर्षांत हसले नव्हते तसे. ग्रीअरच्या छातीवरचा धोंडा उतरला. तिला इतकं हलकं वाटलं की स्ट्रुआनचा हात धरून ती तो नुसताच हलवत राहिली. सोमवारी दहाला इनिसने त्या बाईला नाही म्हणून कळवायचं ठरलं. कारण पाठ सांगायची, म्हणजे खोटंही पडायचं नाही.

गाडी पुलावर चढली. खाली फोर्थचं पाणी चकाकत होतं, पलीकडे जुन्या पुलावरून एक रिकामी बस चालली होती. पूल संपला, कायदा उठला, बोलायला मोकळीक झाली. बोललं कुणीच नाही. घराआधीचं अबरडूर गाव येईपर्यंत लॉर्न झोपलासुद्धा होता.

ड्रू गेल्यापासून ग्रीअरचा अँप, म्हणजे गिटारचा आवाज मोठा करणारा डबा, दारातून आत आणून ठेवायचं काम स्ट्रुआनचं होतं. आजही त्याने तो आणून ठेवला, कोटांच्या खुंटीखाली, नेहमीच्या जागी. त्याच्या मागच्या खणात तिच्या तारा असायच्या आणि आजची यादीही, वहीसाठी. तो सरळ उभा राहिला आणि जरा घुटमळला.

"गुरुवारी काय करशील?" त्याने विचारलं.

"काही नाही," ग्रीअर म्हणाली. "पाय वर घेईन. तू?"

"तेच. झोपेन म्हणतो." त्याने दाराच्या चौकटीवर दोनदा टकटक केली. "बरं वाजलं आज." इतक्या वर्षांत त्याने तिला एवढं कधी म्हटलं नव्हतं. इनिस गाडीने सोडत होता, पण तो नको म्हणाला, पायीच निघाला.

तिने चहा टाकला, वही काढली, डिंकाची बाटली काढली आणि अँपच्या खणात हात घातला. यादी होती. सवयीने त्याने ती घडी करून तिथेच खोचली होती. तिने उलगडली. एका बाजूला आजची चौदा गाणी. दुसऱ्या बाजूला पेन्सिलीने तीन कडवी, खोडलेली, पुन्हा लिहिलेली, एका ओळीखाली दोन रेघा मारलेली. आणि वर, त्याच्या टपालवाल्याच्या स्वच्छ अक्षरात:

'ब्रेमेनला पहिलं हेच. सुरुवात ग्रीअरने एकटीने करायची, चार वेळा. सोपं ठेवलंय, तीन बोटांत बसतं. मग मी येतो.'

ग्रीअर तशीच उभी राहिली. मास्तरांनी बिनचूक लिहिलं होतं. हसला, आणि नवं गाणं ऐकवू लागला. दोघांनी थकल्याचं सांगितलं होतं, तिघांनी नव्हे. आणि तीनदा वाचूनही तेवढंच तिच्या नजरेतून सुटलं होतं. चौघांत एकाला तो तालमीचा गुरुवार हवा होता. गाडीत, तिच्या डोळ्यांदेखत, त्याने तो एका वाक्यात देऊन टाकला होता आणि वर सगळ्यांना हसवलंही होतं.

ती खिडकीशी गेली. उतारावर तो अजून दिसत होता, पाठीला गिटार, चाल नेहमीसारखीच भरभर, टपालवाल्याची. हाक मारली असती तर ऐकू गेली असती. तिने खिडकीची कडी काढली. मग तिला कळलं की हाक मारली तर तो परत येईल, उतार चढेल, आणि आपण थकलोच आहोत असं शपथेवर सांगेल. आणि ती मात्र खरोखरच थकली होती. तिने कडी पुन्हा लावली.

चहा निवला. तिने भिंतीवरची बेस गिटार काढली आणि अँप न जोडताच तीन बोटांनी सुरुवात वाजवून पाहिली, चार वेळा. खरंच बसत होतं, कुठेही दुखलं नाही. चौथ्या खेपेनंतर, जिथे तो येणार होता तिथे, ती थांबली. तिला रडू आलं आणि तिने ते येऊ दिलं.

मग ती वही घेऊन बसली. तारीख घातली, गाव घातलं. सात वह्यांत प्रत्येक यादी सुलटी चिकटवलेली होती, गाणी वर आणि डिंक मागे. या वेळी तिने गाण्यांच्या बाजूला डिंक लावला आणि पेन्सिलीची बाजू वर ठेवून कागद हाताने दाबून बसवला. आज ग्लासगोला कोणती चौदा गाणी वाजवली, ते आता पेट्री मास्तरांनाही कधी सापडणार नव्हतं.